सायबेरियाच्या रानातून पंचगंगेच्या तीरी

कोल्हापूरहून मिरजेकडे निघालेली पॅसेंजर गाडी काही मिनिटांतच वळिवडे नावाच्या लहानशा स्थानकातून पुढे जाते. जवळच गांधीनगर आहे. कापडाच्या घाऊक बाजारासाठी ते प्रसिद्ध असून लग्नसराईत आजूबाजूच्या जिल्ह्यांतील लोक तेथे खरेदीला येतात. याच भूमीवर १९४३ ते १९४८ या काळात सुमारे पाच हजार पोलिश लोकांची एक संपूर्ण वसाहत नांदत होती. त्यांतील बहुसंख्य कॅथलिक होते आणि बहुसंख्य स्त्रिया व मुले होती. त्यांचे स्वतःचे चर्च होते, शाळा होत्या, इस्पितळ होते.

युद्धाने बेघर झालेल्यांना आपल्या भूमीने आसरा दिला, एवढी हकिकत आपल्यापैकी अनेकांनी ऐकली असेल. परंतु ही माणसे कोठून आली आणि कशातून सुटून आली, हे फारसे सांगितले जात नाही. निर्वासित हा शब्द त्यांच्यासाठी अपुरा आहे. बॉम्बवर्षावाच्या भीतीने घर सोडून पळालेली ही माणसे नव्हती. ती सक्तमजुरीच्या छावण्यांतून, तुरुंगांतून आणि हद्दपारीच्या वस्त्यांतून बाहेर पडलेली होती. त्यांच्या सुटकेची कथा समजून घेण्यासाठी आपल्याला १९३९ सालच्या पोलंडपर्यंत मागे जावे लागेल.

१ सप्टेंबर १९३९ रोजी हिटलरच्या जर्मनीने पश्चिमेकडून पोलंडवर आक्रमण केले, हे शाळेतील मुलांनाही ठाऊक असते. त्यानंतर सोळा दिवसांनी, १७ सप्टेंबर रोजी, स्टालिनच्या सोव्हिएत सैन्याने पूर्वेकडून पोलंडमध्ये प्रवेश केला, ही गोष्ट मात्र अनेकदा नजरेआड होते. ऑगस्ट महिन्यात उभय राष्ट्रांत झालेल्या कराराच्या गुप्त कलमांनुसार पोलंडची वाटणी आधीच ठरलेली होती. पश्चिम भागातील पोलिश लोकांना जर्मन कारखान्यांत व शेतांवर सक्तीने राबण्यासाठी नेले जाऊ लागले. क्राको शहरातील एका तरुणाने हे टाळण्यासाठी १९४० साली दगडाच्या खाणीत आणि पुढे सोल्व्हे या रासायनिक कारखान्यात काम पत्करले. कारखान्याचे ओळखपत्र हाती असेल तर जर्मनीला पाठवले जाण्याची शक्यता कमी असे. त्या तरुणाचे नाव कॅरोल वॉयतिवा. पुढे पोप जॉन पॉल दुसरे म्हणून साऱ्या जगाने त्यांना ओळखले आणि २०१४ साली ख्रिस्तसभेने त्यांना संतपद दिले. पूर्व भागातील लोकांना असा मार्गही उपलब्ध नव्हता.

सोव्हिएत गुप्त पोलीस दलाने, म्हणजे एन.के.व्ही.डी.ने, पूर्व पोलंडमधून चार मोठ्या लाटांत लोकांना हद्दपार केले. पहिली लाट १० फेब्रुवारी १९४० रोजी सुरू झाली आणि तीच सर्वांत क्रूर ठरली. पूर्वीच्या सैनिकांची शेतकरी कुटुंबे आणि वनखात्यातील नोकर असे सुमारे एक लाख चाळीस हजार लोक तिच्यात सापडले. कडाक्याची थंडी होती. पहाटेच्या अंधारात दार ठोठावले जाई, बापाला भिंतीशी उभे केले जाई आणि सामान बांधण्यासाठी कुटुंबाला अर्धा तास, फार तर तास-दोन तास मिळत. काय घ्यावे हे कोणालाच सुचत नसे. पिठाचे पोते घ्यावे की अंथरूण? भिंतीवरील पवित्र मरियेची तसबीर घ्यावी की शिवणयंत्र? ज्यांनी शिवणयंत्र घेतले त्यांचा अनेकदा जीव वाचला, कारण पुढे ते भाकरीच्या बदल्यात विकता आले किंवा त्यावर काम करता आले. मरियेची तसबीर घेतलेल्यांनीही ती शेवटपर्यंत टाकली नाही.

रेल्वे स्थानकावर गुरे वाहून नेण्याचे डबे उभे असत. दोन्ही बाजूंना फळ्यांचे माचे, मध्ये एक लोखंडी शेगडी, शौचासाठी जमिनीला पाडलेले भोक आणि बाहेरून कडी. असा प्रवास दोन-तीन आठवडे, काहींच्या बाबतीत त्याहूनही अधिक काळ चाले. वाटेत मरण पावलेल्या तान्ह्या मुलांना रुळांच्या कडेला बर्फात ठेवून गाडी पुढे निघे.

एप्रिल १९४० मध्ये अटक झालेल्या पुरुषांच्या बायकामुलांना कझाकस्तानच्या गवताळ माळांवर नेण्यात आले. त्याच वर्षीच्या उन्हाळ्यात पश्चिम पोलंडमधून जर्मनांच्या भीतीने पूर्वेकडे आलेल्या निर्वासितांची पाळी आली, त्यांत मोठी संख्या यहुदी लोकांची होती. शेवटची लाट मे-जून १९४१ मधली. सोव्हिएत कागदपत्रांनुसार या चार लाटांत तीन लाखांहून अधिक लोक हद्दपार झाले. पोलिश लोकांनी युद्धकाळात केलेले अंदाज याच्या कितीतरी पट होते. कागदपत्रांत फक्त हद्दपार कुटुंबे मोजली आहेत आणि तुरुंगात गेलेले, सक्तीने सैन्यात भरती केलेले त्यांत नाहीत, हे येथे ध्यानात घ्यावे लागते.

या सर्वांना सरसकट ‘कैदी’ म्हटले जाते, पण त्यांच्या स्थितीत फरक होता आणि तो समजल्याशिवाय पुढील घटना नीट उलगडत नाहीत. पहिला वर्ग शिक्षा झालेल्यांचा. त्यांची रवानगी तुरुंगात किंवा श्रमछावणीत होई. पेचोरा, कोलिमा, व्होरकुटा ही नावे आजही ऐकताना अंगावर काटा येतो. दुसरा वर्ग ‘विशेष वसाहती’तील कुटुंबांचा. तेथे काटेरी कुंपण नसे, कारण त्याची गरजच नव्हती. शेकडो मैल जंगल आणि बर्फ हेच कुंपण होते. एक कमांडंट असे आणि त्याच्या परवानगीशिवाय वस्ती सोडता येत नसे. तिसरा वर्ग कझाकस्तानात नेलेल्यांचा. त्यांना सामुदायिक शेतांवर सोडून दिले जाई आणि ते काय खातात याची फिकीर कोणी करत नसे.

जंगलातील वस्त्यांत मुख्य काम लाकूडतोडीचे होते. प्रत्येकाने दिवसाला किती लाकूड पाडावे, याचे प्रमाण ठरलेले असे आणि भाकरीचा तुकडा त्या प्रमाणावर अवलंबून असे. प्रमाण पुरे केले तर पोटाला आधार होईल एवढी भाकर, कमी पडले तर त्याहून लहान तुकडा. लहान तुकडा खाल्लेला माणूस दुसऱ्या दिवशी आणखी कमी लाकूड तोडे आणि त्याची भाकर आणखी घटे. कोणालाही फाशी न देता माणूस संपवण्याची ही पद्धत होती, असे आम्हांस वाटते. जे काम करत नाहीत त्यांना, म्हणजे वृद्धांना व लहान मुलांना, सर्वांत कमी मिळे. त्यामुळे आई आपल्या तुकड्यातून आजीला आणि मुलाला देई व स्वतः सुजलेल्या पायांनी कुऱ्हाड चालवी.

प्रार्थनेला बंदी होती. शाळेत मुलांना देव नाही असे शिकवले जाई. तरीही रात्री बराकीत दबक्या आवाजात रोझरी होई. भाकरीच्या मऊ गराचे मणी वळून, ते वाळवून केलेल्या जपमाळा आज पोलंडमधील संग्रहालयांत पाहावयास मिळतात. भाकर हीच जेथे मोजमापाची वस्तू होती, तेथे त्या भाकरीतून मणी वळणे म्हणजे काय, याचा वाचकांनी क्षणभर विचार करावा.

हे चालू असताना आणखी एक कृत्य गुप्तपणे उरकण्यात आले. युद्धकैदी म्हणून धरलेले पोलिश सेनाधिकारी कोझेल्स्क, स्तारोबेल्स्क व ओस्ताश्कोव्ह या तीन छावण्यांत होते. त्यांत व्यवसायाने डॉक्टर, शिक्षक, वकील, अभियंते असलेले राखीव दलातील अधिकारी फार होते, काही धर्मगुरूही होते. ५ मार्च १९४० रोजी सोव्हिएत नेतृत्वाने त्यांच्या मृत्यूच्या आदेशावर सह्या केल्या आणि एप्रिल-मे महिन्यांत त्यांना व इतर तुरुंगांतील पोलिश कैद्यांना, एकूण सुमारे २२ हजार जणांना, गोळ्या घालण्यात आल्या. कातिनच्या जंगलावरून या हत्याकांडास नाव पडले. तिन्ही छावण्यांतून केवळ ३९५ जण वाचले. कझाकस्तानात राबणाऱ्या अनेक बायका ज्या नवऱ्यांच्या पत्रांची वाट पाहत होत्या, ते नवरे तोवर मातीखाली गेलेले होते.

‘माफी’ नावाची सुटका

२२ जून १९४१ रोजी हिटलरने आपल्याच भागीदारावर, सोव्हिएत संघावर, हल्ला केला आणि चित्र रातोरात पालटले. काल जे शत्रू होते ते आता मित्रराष्ट्रांच्या बाजूला आले. लंडनमधील पोलिश सरकारचे प्रमुख जनरल शिकोर्स्की आणि सोव्हिएत राजदूत मायस्की यांनी ३० जुलै १९४१ रोजी लंडनमध्ये करारावर सह्या केल्या. त्यानुसार १२ ऑगस्ट रोजी सर्व पोलिश कैद्यांना व हद्दपारांना ‘माफी’ जाहीर झाली आणि १४ ऑगस्ट रोजी सोव्हिएत भूमीवर पोलिश सैन्य उभारण्याचा लष्करी करार झाला. संत मॅक्सिमिलियन कोल्बे यांनी ऑशविट्झच्या उपासमारीच्या कोठडीत प्राण सोडला तोही दिवस १४ ऑगस्ट १९४१ हाच होता.

‘माफी’ हा शब्द पोलिश लोकांना आजही बोचतो. माफी अपराध्याला देतात. या लोकांचा अपराध कोणता होता? शेतकरी असणे, पोलिश असणे, कोणा शिक्षकाची किंवा पोलिसाची बायको असणे. लंडनमधील काही पोलिश मंत्र्यांनी या व इतर कारणांसाठी राजीनामेही दिले. शिकोर्स्कींचा विचार वेगळा होता. शब्दावर अडून बसलो तर तिकडे माणसे मरतील, हे त्यांना दिसत होते. त्यांचा निर्णय बरोबर होता असे आमचे मत आहे, कारण तो शब्द गिळल्यामुळेच एक लाखाहून अधिक माणसे जिवंत बाहेर आली.

परंतु कागदावरील सुटका आणि प्रत्यक्ष सुटका यांत हजारो मैलांचे अंतर होते. मॉस्कोच्या लुब्यांका तुरुंगातून जनरल व्लादिस्लाव्ह आंडर्स यांना मुक्त करून नव्या सैन्याचे सेनापती नेमण्यात आले, ही बातमी हळूहळू जंगलांत पसरली. अनेक वस्त्यांत कमांडंटने ती दडवून ठेवली, कारण लाकूडतोडीचे हात त्याला गमवायचे नव्हते. कोठे जुन्या वर्तमानपत्राचा तुकडा हाती लागला, कोठे रेल्वेतील कोणा प्रवाशाने सांगितले. जेथे कळले तेथील लोकांनी दाखले मिळवले, तराफे बांधले, बर्फातून पायी वाट तुडवली आणि मिळेल त्या गाडीने दक्षिणेकडे निघाले. बरोबर भाकर नव्हती, पैसे नव्हते. ‘दक्षिणेला आपले सैन्य आहे’ एवढेच त्यांना ठाऊक होते.

सर्वांना हे दार उघडले नाही. १ डिसेंबर १९४१ रोजी सोव्हिएत सरकारने कळवले की, पूर्व पोलंडमधील युक्रेनी, बेलारूसी व यहुदी लोकांना ते पोलिश नागरिक मानणार नाही. काही यहुदी तरीही बाहेर पडू शकले. पुढे इस्रायलचे पंतप्रधान झालेले मेनाखेम बेगिन हे पेचोराच्या श्रमछावणीतून सुटलेले असेच एक पोलिश नागरिक. जेजुइट धर्मगुरू फादर वॉल्टर सिझेक यांच्या नशिबी मात्र सुटका नव्हती. हे मूळचे अमेरिकन फादर पूर्व पोलंडमध्ये सेवा करत होते. श्रद्धाळूंना भेटता यावे म्हणून १९४० साली खोट्या नावाने, लाकूडतोड्या मजूर बनून ते उरल पर्वताच्या प्रदेशात गेले. जून १९४१ मध्ये त्यांना अटक झाली. हेरगिरीच्या आरोपाखाली त्यांना १५ वर्षे सक्तमजुरीची शिक्षा झाली. लुब्यांकातील कोठडी आणि त्यानंतर नोरिल्स्कच्या बर्फातील छावण्या असा त्यांचा प्रवास झाला व तेथे ते गुप्तपणे मिस्सा अर्पण करीत राहिले. ऑक्टोबर १९६३ मध्ये, कैद्यांच्या अदलाबदलीत, ते अमेरिकेत परतले.

१९४२ च्या आरंभी आंडर्स यांचे सैन्य उझबेकिस्तानात हलले होते. हवामान उबदार असेल या आशेने लोक तिकडे धावले आणि तेथे त्यांना टायफसने गाठले. अशक्त शरीरे, उवांनी भरलेले कपडे, गढूळ पाणी. गुजार या ठाण्यावर दररोज माणसे पुरली जात होती. त्यातच स्टालिनने सैन्याचा शिधा ४४ हजार माणसांपुरता मर्यादित केला, तेव्हा सैन्यात सुमारे ७० हजार माणसे होती. त्याखेरीज छावण्यांभोवती हजारो बायकामुले बसलेली होती आणि त्यांच्यासाठी शिधाच नव्हता. सैनिक आपल्या ताटातले अन्न त्यांना देत होते.

येथे आम्हांला वाचकांस थोडे थांबवावेसे वाटते, कारण या साऱ्या इतिहासातील सर्वांत कठीण निर्णय सेनापतींना नव्हे तर आयांना घ्यावा लागला. सैन्याच्या आश्रयाने पोलिश अनाथालये उघडली गेली होती आणि ती सैन्याबरोबर देशाबाहेर जाणार, हे कळून चुकले होते. अनाथ मुलाला जागा मिळत होती. आई असलेल्या मुलाला मिळेलच असे नव्हते. तेव्हा अनेक आयांनी आपल्या मुलांना अनाथालयाच्या दाराशी आणून सोडले. ‘आईबाप नाहीत असे सांग’ अशी शिकवण देऊन त्या वळल्या. कित्येक जणी स्वतः आजारी होत्या आणि आपण वाचणार नाही हे त्यांना कळत होते, पण काही जणी वाचल्या आणि मागेच राहिल्या. पुढे भारतात ‘अनाथ’ म्हणून आलेल्या मुलांपैकी काहींचे आई किंवा वडील हयात होते, ते याच कारणाने.

१९४२ साली मार्च-एप्रिलमध्ये आणि पुन्हा ऑगस्टमध्ये, क्रास्नोव्होद्स्क बंदरातून कॅस्पियन समुद्र ओलांडून इराणच्या पाहलवी बंदरात (आजचे बंदर-ए-अंझली) या लोकांना नेण्यात आले. जहाजांवर पाय ठेवायला जागा नव्हती. एकूण सुमारे १ लाख १५ हजार माणसे बाहेर पडली. त्यांत सदतीस हजारांच्या आसपास नागरिक होते व या नागरिकांपैकी जवळजवळ निम्मी मुले होती. पाहलवीच्या वाळूत त्यांचे केस भादरले गेले, उवांनी भरलेले कपडे जाळले गेले आणि त्यांना पोटभर अन्न दिले गेले. दोन वर्षे उपाशी राहिलेल्या पोटाला ते चरबीयुक्त मांस मानवले नाही आणि स्वातंत्र्याच्या पहिल्याच आठवड्यात अनेक जण दगावले. तेहरानच्या दुलाब येथील कॅथलिक दफनभूमीत सुमारे १९०० पोलिश लोक चिरविश्रांती घेत आहेत. सैनिक पुढे पश्चिम आशियातून इटलीत गेले आणि १८ मे १९४४ रोजी त्यांनी मोंते कासिनोच्या उद्ध्वस्त मठावर आपला ध्वज फडकवला. बायकामुलांना कोठे ठेवायचे हा प्रश्न उरला. पूर्व आफ्रिका, मेक्सिको, न्यूझीलंड, लेबनॉन आणि भारत अशा निरनिराळ्या दिशांना ती पांगली.

वांद्रे, बालाचडी, वळिवडे

भारताशी संबंध जुळला तो मात्र या मोठ्या स्थलांतराच्या आधीच. मुंबईतील पोलिश वकिलातीने मदतीचे साहित्य लॉऱ्यांतून अश्गाबादपर्यंत पाठवले होते. त्या लॉऱ्या रिकाम्या परत आणण्याऐवजी त्यांतून अनाथ मुलांना आणण्याचे ठरले. मशहद, झाहेदान असा डोंगरवाळवंटातील रस्ता आणि पुढे क्वेट्टा, दिल्लीमार्गे रेल्वे असा प्रवास करून १९४२ च्या एप्रिलमध्ये मुलांचा पहिला गट मुंबईस पोहोचला आणि काही महिने वांद्रे येथे राहिला. पोलंडची नामवंत गायिका हांका ओर्दोनुव्ना ही मुलांची काळजीवाहक म्हणून त्या प्रवासात होती. पोलिश वकील बानाशिन्स्की यांच्या पत्नी किरा यांनी रेडक्रॉसच्या वतीने या मुलांसाठी अविश्रांत परिश्रम घेतले.

नवानगरचे जामसाहेब दिग्विजयसिंहजी यांनी जामनगरजवळ समुद्रकिनारी बालाचडी येथे मुलांसाठी वसतिस्थान उभारून दिले. इतर संस्थानिकांनी व उद्योगपतींनी वर्गणी दिली. जुलै १९४२ मध्ये मुले तेथे गेली. मुलांची संख्या पुढे वाढत गेली. फादर फ्रांचिशेक प्लुता हे तेथील प्रमुख होते. जामसाहेबांचे नाव पोलंडमध्ये आजही आदराने घेतले जाते. वॉर्सा शहरात एक चौक ‘भल्या महाराजां’च्या नावाने ओळखला जातो आणि तेथील एका शाळेलाही त्यांचे नाव आहे.

बालाचडीची जागा मुलांपुरती होती. इराणमधून कराचीच्या संक्रमण शिबिरांत येऊन थांबलेल्या कुटुंबांसाठी मोठी वसाहत हवी होती. त्यासाठी कोल्हापूर संस्थानातील वळिवड्याची निवड झाली. पंचगंगेचे पाणी, रेल्वेची सोय आणि मानवणारी हवा ही तिची कारणे. ‘कोल्हापूरच्या महाराजांनी बोलावले’ असे सांगण्याची आपल्याकडे प्रथा पडली आहे. वस्तुतः राजाराम महाराजांचे १९४० साली निधन झाले होते, गादीवर अगदी लहान बालक होते आणि कारभार इतरांच्या हाती होता. जागा संस्थानाची, योजना हिंदुस्थान सरकारची आणि दैनंदिन खर्चाचा भार मुख्यतः लंडनमधील पोलिश सरकारवर, अशी ती व्यवस्था होती. यामुळे कोल्हापूरकरांच्या आतिथ्याचे मोल कमी होत नाही. ज्या बाजारात या बायका खरेदीला येत, ज्या टांगेवाल्यांशी हातवाऱ्यांनी बोलत, त्या सामान्य लोकांनी त्यांना परके मानले नाही, असे पुढे वळिवड्याच्या माजी रहिवाशांनी वारंवार लिहून ठेवले आहे.

१९४३ च्या मध्यास पहिली कुटुंबे आली. दगडी जोत्यावर बांबूच्या तट्ट्यांच्या भिंती आणि वर कौले अशा लांबलचक बराकी त्यांना मिळाल्या. प्रत्येक कुटुंबाला स्वतःच्या खोल्या होत्या व पुढे ओसरी होती. बायकांनी ओसरीपुढे फुलझाडे लावली. ज्यांनी तीन वर्षे चाळीस माणसांच्या बराकीत काढली होती, त्यांना आतून लावता येणारी कडी हीच केवढी चैन होती. चर्च उभे राहिले, पोलिश धर्मगुरू रोज मिस्सा अर्पू लागले. नाताळच्या आदल्या संध्याकाळी पोलिश प्रथेप्रमाणे पातळ पापडीचा तुकडा एकमेकांना देऊन शुभेच्छा दिल्या जाऊ लागल्या. प्राथमिक शाळांपासून माध्यमिक शाळेपर्यंत शिक्षणाची सोय झाली, नाटके बसवली गेली, सहकारी भांडार निघाले. छातीच्या विकाराने खंगलेल्या मुलांना पाचगणीस पाठवले जाई.

मुलांच्या स्काउट पथकाची धुरा एका तरुण लष्करी अधिकाऱ्याकडे होती. त्याचे नाव झ्जिस्वाव्ह पेश्कोव्स्की. कोझेल्स्क छावणीतून वाचलेल्या मूठभरांपैकी तो एक होता. एप्रिल १९४३ मध्ये जर्मनांनी कातिनच्या सामूहिक कबरी उघड केल्या होत्या. पोलिश सरकारने निष्पक्ष चौकशीची मागणी करताच स्टालिनने त्याच्याशी संबंध तोडले. ज्या सहकाऱ्यांबरोबर एका छावणीत सात महिने काढले त्यांचे काय झाले, हे पेश्कोव्स्कींना आता कळले होते. ज्या मुलांना ते वळिवड्याच्या माळावर गाणी व गाठी शिकवत होते, त्यांतील काहींचे वडील त्याच कबरींत होते. युद्धानंतर त्यांनी अमेरिकेत धर्मगुरुपदाचे शिक्षण घेतले आणि १९५४ साली त्यांची गुरुदीक्षा झाली. सोव्हिएत संघाने १९९० साली हत्याकांडाची जबाबदारी मान्य केल्यानंतर झालेल्या उत्खननांच्या वेळी फादर पेश्कोव्स्की कबरींपाशी प्रार्थना करीत उभे होते. कातिनच्या मृतांच्या कुटुंबांचे ते अखेरपर्यंत आध्यात्मिक पालक राहिले. २००७ साली त्यांचे निधन झाले.

आणखी एक गोष्ट येथे नमूद केली पाहिजे. ज्या देशाने या मुक्त झालेल्या कैद्यांना जागा दिली, तो देश स्वतः त्या वेळी मुक्त नव्हता. १९४२ च्या आंदोलनातील सत्याग्रही येरवड्यात व इतर तुरुंगांत होते. वळिवड्यापासून फारशा दूर नसलेल्या सातारा भागात क्रांतिसिंह नाना पाटील यांचे प्रतिसरकार चालू होते. १९४३ मध्येच बंगालमध्ये लाखो माणसे दुष्काळाने मेली. ज्या ब्रिटिश राजवटीने पोलिश कुटुंबांना शिधा पोहोचवला, ती बंगालच्या शेतकऱ्याला अन्न पोहोचवू शकली नाही. या दोन्ही गोष्टी एकाच वर्षातल्या आहेत. एक सांगताना दुसरी लपवू नये.

युद्ध संपले तेव्हा वळिवड्यात आनंदोत्सव झाला असेल अशी आपली कल्पना होईल. प्रत्यक्षात तेथे शोककळा पसरली. फेब्रुवारी १९४५ मध्ये याल्टा येथे पूर्व पोलंड सोव्हिएत संघाला देण्यास मित्रराष्ट्रांनी संमती दिली होती. म्हणजे ज्या गावांतून या लोकांना पहाटे उचलून नेले होते, ती गावे आता उचलून नेणाऱ्यांच्याच देशात होती. जुलै १९४५ मध्ये ब्रिटनने वॉर्सातील कम्युनिस्टांच्या वर्चस्वाखालील सरकारला मान्यता दिली आणि लंडनमधील सरकारची मान्यता काढून घेतली. मायदेशी परत जा, असा सल्ला देणारे अधिकारी येऊ लागले. ज्यांचे नातलग नव्या पोलंडमध्ये सापडले असे काही जण गेले. बहुतेकांनी नकार दिला. सायबेरियाची वाट एकदा पाहिलेल्या माणसाला पुन्हा त्या दिशेच्या गाडीत बसवणे सोपे नव्हते. बालाचडी १९४६ साली बंद झाल्यावर तेथील मुलांपैकी अनेक जण वळिवड्यास आली.

१९४७ साली ब्रिटनने पोलिश सैनिकांच्या पुनर्वसनाचा कायदा केला आणि सैनिकांच्या कुटुंबांना तेथे जाता आले. इतर ऑस्ट्रेलिया, अमेरिका, आफ्रिका अशा ठिकाणी गेले. एक तरुणी कोल्हापुरातच राहिली. तिने येथील एका तरुणाशी विवाह केला व मराठी संसार केला. १९४८ साली वसाहत रिकामी झाली, पण बराकी फार दिवस ओस पडल्या नाहीत. फाळणीमुळे सिंध सोडून आलेली हिंदू कुटुंबे त्याच तट्ट्यांच्या खोल्यांत राहावयास आली आणि वस्तीचे नाव गांधीनगर झाले. पोलिश लोक ज्या कराचीत थांबून वळिवड्यास आले होते, त्याच कराची व सिंधमधून ही कुटुंबे निघालेली होती.

लंडनमध्ये स्थायिक झालेल्या माजी रहिवाशांनी आपली संघटना स्थापन केली आणि भारतातील वास्तव्याच्या आठवणी व कागदपत्रे ग्रंथरूपाने प्रसिद्ध केली. वॉर्सामध्ये २०१७ साली कोल्हापूरच्या जनतेच्या ऋणाची आठवण देणारे स्मारक उभे राहिले आणि ऑगस्ट २०२४ मध्ये भारताच्या पंतप्रधानांनी तेथे पुष्पचक्र वाहिले. २०१९ साली वळिवड्यात मोठे झालेले काही जण, आता ऐंशी-नव्वदीच्या घरातील, पोलिश शासनाच्या प्रतिनिधींसमवेत कोल्हापुरास आले होते. कोल्हापूरच्या ख्रिस्ती दफनभूमीत त्यांच्या मागे राहिलेल्या आप्तांच्या कबरी आहेत. त्यांवरील पोलिश नावे वाचणारे नव्हेंबर महिन्यातील मृतांच्या स्मरणदिनी आजही तेथे सापडतील.